निवेपर्यंत दम

डिसेंबर महिन्याचा दुसरा आठवडा होता. नागपुरात थंडी चांगलीच पडू लागली होती. सकाळचे ऊन अंगणात उतरले, की आजोबांची खुर्ची बाहेर येई आणि दुपार होईपर्यंत ते तेथेच बसून राहत. काचबिंदूने त्यांची दृष्टी जवळजवळ गेली होती. परंतु दारातून कोण आले हे ते पावलांवरून ओळखत आणि स्वयंपाकघरात कोणती भाजी चिरली जात आहे हे वासावरून सांगत.

त्या दिवशी काटोलहून संत्र्यांची एक लहानशी पेटी आली. आजोबांनी पेटीतील एक फळ हातात घेतले, सालीवर हलकेच नख दाबले आणि ते नाकापाशी नेले.

"विहिरीजवळच्या झाडांचे आहे हे," ते म्हणाले.

काटोलजवळ आजोबांची संत्र्यांची बाग होती. चाळीस वर्षे त्यांनी ती सांभाळली. पुढे बागेत डिंक्या रोग शिरला. जमिनीत पाणी साचून राहिले, की हा रोग बळावतो. बुंध्याची साल कुजते, तिच्यातून डिंक पाझरू लागतो आणि झाड हळूहळू वाळून जाते. एकामागून एक झाडे काढावी लागली. विहिरीजवळच्या उंचवट्यावर थोडी झाडे तेवढी उरली होती. पण तीही आता थकली होती. हा त्यांचा शेवटचा बहर होता. पेटीत फळेही थोडीच होती. बाळूने ती मोजली. ती दहा भरली.

येत्या रविवारी आजोबांना पंचाहत्तर वर्षे पूर्ण होणार होती. त्या दिवशी काय करावे, याचा विचार मंजू आठवडाभर करीत होती. पेटी पाहताच तिला एक कल्पना सुचली. ती बाळूला बाजूला घेऊन म्हणाली, "आपण या संत्र्यांचाच केक करू. केकवरची नक्षी आजोबांना दिसणार नाही, पण वास तर कळेल! बागेचा वास त्यांना ताबडतोब कळेल."

बाळूला ही कल्पना फार आवडली. आईने एका अटीवर परवानगी दिली. तापलेल्या ओव्हनमध्ये भांडी ठेवणे आणि त्यातून ती काढणे हे काम ती स्वतः करणार होती. बाकी सर्व मुलांनी करावयाचे होते.

मंजूच्या वहीत आत्याने पूर्वी लिहून दिलेली केकची कृती होती. शनिवारी दुपारी शाळेतून येताच दोघे भावंडे कामाला लागली. रात्रीच्या गाडीने अमरावतीहून आत्या येणार होती. ती येण्यापूर्वी केक तयार करून तिलाही चकित करावे, असा मंजूचा बेत होता. त्यामुळे तिची सारखी धावपळ चालली होती. वहीतील कृती तिने वाचली खरी, परंतु कोणती वस्तू किती घ्यावयाची एवढेच पाहिले. ती कशी आणि केव्हा घालावयाची, यावरून तिची नजर नुसती फिरून गेली.

तिने दोन संत्री किसणीवर घेतली. वास भरपूर यावा म्हणून नारिंगी भाग संपला तरी ती किसतच राहिली. अखेर किसात पांढरा पापुद्राही उतरला. मिश्रण दोन भांड्यांत घालून आईने ती ओव्हनमध्ये ठेवली आणि ती शेजारी गेली. दहा मिनिटे झाली. "फुगला का ग?" असे म्हणून बाळूने दार उघडून आत डोकावले. पाच मिनिटांनी त्याने ते पुन्हा उघडले. शेवटी केक बाहेर आले, तेव्हा घड्याळात पाच वाजले होते. आत्याच्या गाडीला आता फार वेळ नव्हता. मंजूने गरम केकच एकावर एक ठेवले आणि त्यांवर साखर व संत्र्याचा रस यांचे आयसिंग ओतले.

पाहता पाहता आयसिंग पातळ झाले आणि केकच्या चहू बाजूंनी ताटात वाहू लागले. वरचा थर तिरपा सरकला. दोन्ही केक मध्यभागी खचून बशीसारखे झाले होते. बाळूने एक तुकडा तोंडात टाकला आणि तोंड वाकडे केले. "ताई, कडू लागतो हा!"

मंजूच्या डोळ्यांत पाणी उभे राहिले. केक बिघडला याचे दुःख तिला होतेच. पण त्याहून मोठे दुःख निराळे होते. पेटीत आता पाचच संत्री उरली होती आणि त्या झाडांना पुन्हा फळ येणार नव्हते.

रात्री आत्या आली. ती अमरावतीच्या एका शाळेत विज्ञान शिकवीत असे. स्वयंपाकघरातील ताट पाहून सर्व प्रकार तिच्या ध्यानात आला. मंजू ताट उचलून टाकावयास निघाली, तेव्हा तिने तिचा हात धरला.

"टाकू नकोस. बिघडलेला पदार्थ हा उत्तम शिक्षक असतो. तो आपल्याला काय सांगतो, ते आधी ऐकू या. सुरी आण बरे."

आत्याने केक मधोमध कापला. कडेच्या भागात बारीक बारीक छिद्रे स्पष्ट दिसत होती. मध्यभागी मात्र ती दिसेनाशी झाली होती आणि तेथील भाग ओलसर, घट्ट लगद्यासारखा झाला होता.

"बाळू, ही छिद्रे कशाची, सांग पाहू."

"हवेची?"

"हवेची आणि वायूचीही. केक फुगतो तो याच बुडबुड्यांमुळे. आपण लोणी आणि साखर एकत्र फेसतो, तेव्हा साखरेचे कण लोण्यात शिरताना आपल्याबरोबर थोडी थोडी हवा आत नेतात. म्हणून लोण्याचा पिवळा रंग जाऊन ते पांढरटसर होईपर्यंत फेसावयाचे. ते असंख्य सूक्ष्म बुडबुडे म्हणजे केकचा पाया. मग त्यात मैद्याबरोबर बेकिंग पावडर जाते. तिच्यात खाण्याचा सोडा असतो आणि एक कोरडे आम्ल असते. ओलावा मिळाला, की त्या दोहोंची क्रिया होते आणि कार्बन डायऑक्साइड वायू निघतो. तो या बुडबुड्यांत शिरतो. उष्णतेने बुडबुडे प्रसरण पावतात आणि केक वर येतो."

"मग आमचा केक वर येऊन पुन्हा खाली का बसला?" मंजूने विचारले.

"कारण भिंती पक्क्या होण्याआधीच त्याला थंडी बाजली! बुडबुड्यांच्या भिंती सुरुवातीला ओल्या आणि मऊ असतात. आच लागून अंड्यातील प्रथिने घट्ट होतात आणि मैद्यातील पिष्ट शिजते, तेव्हा कोठे त्या भिंती उभ्या राहण्याजोग्या होतात. त्याला वेळ लागतो. मध्येच कोणी दार उघडले, तर आतील उष्णता झपाट्याने कमी होते, वायू आकुंचन पावतो आणि मऊ भिंती खचतात. कडा आधी शिजतात, म्हणून त्या टिकल्या. मध्यभाग शेवटी शिजतो, म्हणून तो बसला."

बाळूने मान खाली घातली. "दार मी उघडले होते," तो हळूच म्हणाला.

"सांगितलेस ते बरे केलेस. आता हा कडवटपणा पाहू."

आत्याने वाळत पडलेल्या सालीचा तुकडा उचलून दिव्याखाली धरला. "या सालीचे दोन थर दिसतात ना? बाहेरच्या नारिंगी थरात ठिपके आहेत. त्या तेलाच्या पिशव्या. साल दुमडली, की त्यांतील तेल उडते आणि वास दरवळतो. आतला पांढरा थर कडवट. संत्र्याचा सुगंध हवा असेल, तर वरचा थर तेवढा घ्यावयाचा आणि पांढरे दिसू लागताच हात थांबवावयाचा. जास्त मिळावे म्हणून खोल गेलीस, म्हणून हाती कडवटपणा आला."

"आणि आयसिंग वाहून गेले, ते केक गरम होता म्हणून," मंजू आपणहून म्हणाली.

"अगदी बरोबर. म्हणजे चुका तीन झाल्या. त्या तिन्ही एकाच घरच्या आहेत, हे तुमच्या लक्षात आले का?"

मुलांनी एकमेकांकडे पाहिले. इतक्यात बाहेरच्या खोलीतून आजोबांचा आवाज आला, "घाई!"

सगळी हसली. आजोबांनी मग त्या केकचा तुकडा मागून घेतला आणि सावकाश खाल्ला. "कडवट आहे खरा," ते म्हणाले, "पण संत्री आमच्याच बागेतील, हे लपत नाही."

झोपण्यापूर्वी मुले आत्याभोवती जमली. बाळूच्या मनात एक शंका होती. बेकिंग पावडर जेव्हा नव्हती, तेव्हा लोक केक कसा करीत?

"फार कष्टाने," आत्या म्हणाली. "अंडी तासन् तास फेसून त्यांत हवा भरीत, नाहीतर पावासारखे यीस्ट घालून मिश्रण फुगत ठेवीत. इंग्लंडमध्ये बर्मिंगहॅम शहरी आल्फ्रेड बर्ड नावाचे एक रसायनज्ञ होते. त्यांच्या पत्नीला यीस्ट सोसत नसे आणि अंडीही सोसत नसत. मग तिने पाव खावा कसा? बर्ड यांनी सोडा आणि आम्ल कोरडेच एकत्र करून पाहिले आणि ओलावा शोषून घेण्यासाठी त्यांत पिष्ट मिसळले. ही भुकटी त्यांनी १८४३ साली तयार केली. घरातल्या एका माणसासाठी केलेली खटपट पुढे घरोघर उपयोगी पडली."

"आणि आपल्या देशात केक केव्हा आला?"

"केरळात तलश्शेरी नावाचे गाव आहे. तेथे मांबळ्ळी बापू यांचा बिस्किटांचा कारखाना होता. १८८३ साली नाताळापूर्वी एका इंग्रज मळेवाल्याने विलायतेहून आणलेला केक त्यांना चाखावयास दिला आणि तसाच करण्यास सांगितले, अशी हकिकत आहे. बापूंनी जवळपास जे पिकत होते त्याचाही उपयोग करून केक केला आणि तो साहेबाला इतका पसंत पडला, की त्याने आणखी मागविले. भारतातील पहिला नाताळचा केक म्हणून तो ओळखला जातो. त्यांनी आपल्या मुलखातील जिन्नस वापरले; तुम्ही आपल्या बागेतील संत्री वापरा."

रविवारी सकाळी लवकरच स्वयंपाकघरात हालचाल सुरू झाली. आज मंजूने प्रथम वही उघडून कृती पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत दोनदा वाचली. लागणाऱ्या सर्व वस्तू तिने मेजावर ओळीने मांडल्या. लोणी, साखर आणि मैदा प्रत्येकी २०० ग्रॅम होता. बाळूने बाजारातून आणलेली चार अंडी होती. "चार अंड्यांचा आतला भाग वजनाला सुमारे तितकाच भरतो," आत्या म्हणाली. "जुन्या काळी इंग्लंडमध्ये या चारही वस्तू एकेक पौंड घेत. प्रमाण समान असले, की कृती विसरत नाही." त्याखेरीज दोन लहान चमचे बेकिंग पावडर आणि चिमूटभर मीठ काढून ठेवले होते.

थंडीमुळे लोणी दगडासारखे झाले होते. काल मंजूने ते तसेच फेसावयास घेतले असते. आज तिने लोण्याचे भांडे उन्हात आजोबांच्या खुर्चीजवळ नेऊन ठेवले आणि ते बोटाने सहज दबेल इतके मऊ होईपर्यंत वाट पाहिली. अंडीही तिने थंड ठेवली नाहीत. थंड अंड्यांनी मिश्रण फाटते, असे वहीत लिहिलेले होते.

ती वेळ वाया गेली नाही. दोन्ही भांड्यांना आतून लोणी लावून तळाशी बटर पेपर घातला. मैदा, बेकिंग पावडर आणि मीठ एकत्र करून दोनदा चाळले. मग संत्र्यांची पाळी आली. मंजूने दोन संत्री धुऊन कोरडी केली आणि न सोलता किसणीच्या बारीक बाजूवर हलक्या हाताने फिरविली. नागपुरी संत्र्याची साल सैल असते. जोर केला, तर ती फाटते. म्हणून फळ थोडेसे किसले, की ती ते फिरवी आणि पांढरे दिसू लागण्यापूर्वीच हात थांबवी. दोन्ही फळांवरचा नारिंगी कीस वाटीच्या तळाशी बसला, इतका तो थोडा होता. परंतु अंगणातून आजोबांची हाक आली, "आता बरोबर चालले आहे!" वास तेथवर पोचला होता.

लोणी आणि बारीक साखर फेसावयास बाळू बसला. एकाच दिशेने लाकडी चमचा फिरवून त्याचा हात भरून आला, तेव्हा मंजूने चमचा घेतला. पंधरा मिनिटांनी पिवळे लोणी पांढरटसर आणि हलके झाले. त्यात संत्र्यांचा कीस गेला. मग एक अंडे फेसून घालावे, ते पूर्ण मिसळले की दुसरे घालावे, अशा रीतीने चारही अंडी गेली. शेवटी चाळलेला मैदा आणि तीन मोठे चमचे संत्र्याचा रस थोडा थोडा घालून मंजूने मिश्रण खालून वर, अलगद हाताने कालविले. मैदा दिसेनासा होताच ती थांबली. फार ढवळले, तर मैदा चिवट होतो आणि कष्टाने साठविलेली हवाही निघून जाते.

ओव्हन १८० अंश सेल्सिअसवर आधीच तापवून ठेवला होता. मिश्रण दोन भांड्यांत समान वाटले गेले. आईने भांडी आत ठेवून दार लावले. ज्यांच्या घरी ओव्हन नसतो, ते जाड बुडाच्या पातेल्यात मीठ किंवा वाळू पसरून, ती तापवून, वर तिवई ठेवून केक भाजतात. तेथेही झाकण मध्येच न उघडण्याचा नियम तोच.

बाळू दारासमोर पाट मांडून बसला. त्याने दोन्ही हात पाठीमागे बांधून घेतले होते. काचेतून आत पाहावयाचे, पण हात लावावयाचा नाही, असे त्याने स्वतःला बजावले होते. दहा मिनिटांनी मिश्रणाच्या कडा उचलू लागल्या. पंधरा मिनिटांनी मध्यभाग वर आला. वीस मिनिटांनी त्यावर सोनेरी रंग चढला. सत्तावीस मिनिटे झाली, तेव्हा आईने दार उघडले आणि केकच्या मध्यभागी विणकामाची स्वच्छ सुई खुपसून बाहेर काढली. सुईला काहीच चिकटले नव्हते. केक बोटाने हलकेच दाबला, तर तो पुन्हा वर येत होता. दहा मिनिटांनी दोन्ही केक भांड्यांतून काढून तारेच्या जाळीवर ठेवण्यात आले. त्यांची पाठ सपाट होती. कोठेही खळगा नव्हता.

"आता आयसिंग?" बाळूने विचारले.

"आता काही नाही," मंजू म्हणाली. "दोन तास काही नाही."

हे दोन तास सर्वांत कठीण गेले. घर वासाने भरून गेले होते. केक डोळ्यांसमोर होता, भूकही लागली होती. बाळू दर पाच मिनिटांनी केकजवळ हात नेऊन पाही. अखेर आजोबांनी दोघांना अंगणात बोलावले.

"शिजेपर्यंत दम निघतो, पण निवेपर्यंत निघत नाही, ही म्हण तुम्ही ऐकली असेल," ते म्हणाले. "माणूस अवघड कामात धीर धरतो आणि काम संपत आले, की तो सोडतो. बागेतही असेच होते. आंबिया बहर धरावयाचा, तर हिवाळ्यात झाडांचे पाणी तोडावे लागते. याला ताण देणे म्हणतात. पाने मलूल होतात, काही गळतात. ती पाहून नवा माणूस घाबरतो आणि पाणी सोडून मोकळा होतो. मग झाडाला नुसती पालवी फुटते. ताण नीट बसू दिला आणि वेळेवर पाणी दिले, की जानेवारी-फेब्रुवारीत बाग फुलांनी पांढरी होते. तेथून फळ हाती येईपर्यंत आणखी आठ-नऊ महिने. माझ्या पहिल्या वर्षी मीही घाई केली होती."

"मग काय झाले?" बाळूने विचारले.

"काय होणार? त्या वर्षी फुलेच आली नाहीत. आज तुम्हाला जसे दुसऱ्यांदा करावे लागले, तसे मला वर्षभर थांबून करावे लागले."

बोलता बोलता दोन तास निघून गेले. मंजूने केकवर हात ठेवून पाहिले. तो पुरता निवला होता. आता मधल्या थराची तयारी सुरू झाली. मऊ केलेले १०० ग्रॅम लोणी, २०० ग्रॅम वस्त्रगाळ पिठीसाखर आणि तिसऱ्या संत्र्याचा कीस एकत्र फेसून त्यांचे मऊ सारण केले. ते एका केकवर सारखे पसरून दुसरा केक त्यावर उलटा ठेवला, म्हणजे सपाट बाजू वर आली. वरच्या आयसिंगसाठी मंजूने पुन्हा २०० ग्रॅम वस्त्रगाळ पिठीसाखर घेतली आणि चौथ्या संत्र्याचा रस तिच्यात चमचा चमचा घातला. दोन मोठे चमचे रस होताच साखरेची दाट, चकचकीत पेस्ट तयार झाली. चमच्यावरून ती संथपणे पडत होती.

तिने ती केकच्या मध्यभागी ओतली आणि सुरीच्या पात्याने कडेकडे सारली. आयसिंग कडेपर्यंत गेले, दोन-तीन ठिकाणी थोडेसे ओघळले आणि तेथेच थांबले. हळूहळू त्यावर पातळ कवच धरले. बाळूने वर संत्र्याच्या फोडी चक्राकार मांडल्या.

संध्याकाळी शेजारची मंडळी आली. आईने आजोबांना ओवाळले. केकचे ताट त्यांच्यासमोर ठेवले, तेव्हा सर्वजण स्तब्ध झाले. आजोबांनी ताटावर किंचित वाकून श्वास घेतला. ते बराच वेळ काही बोलले नाहीत.

"विहीर डाव्या हाताला," ते शेवटी म्हणाले, "आणि पलीकडे ती सहा झाडे. सगळी जशीच्या तशी आहेत इथे."

मंजूने सुरी त्यांच्या हातात दिली. केक कापला गेला. त्याचे दोन पिवळे थर आणि त्यांमधील नारिंगी रेघ सर्वांनी पाहिली. आजोबांनी ती पाहिली नाही, परंतु पहिला घास खाताच त्यांच्या चेहऱ्यावर जे समाधान उमटले, ते सर्वांना दिसले.

पेटीत एक संत्रे उरले होते. बाळूने ते आणून आजोबांच्या हातात ठेवले. "आजोबा, आता ही झाडे जाणार. मग पुढे काय?"

"पुढे पावसाळ्यात पाच कलमे लावू," आजोबा म्हणाले. "जंभेरीच्या खुंटावर बांधलेली, चांगल्या रोपवाटिकेतील. जुन्या जागी नको. त्या मातीत रोग दबा धरून असतो. बांधापलीकडच्या उंच जागेत लावू आणि पाणी वाहून जाण्यासाठी चर आधी काढू."

"फळे केव्हा येतील?"

"पाचव्या-सहाव्या वर्षी."

मंजूने मनाशी हिशेब केला. ती आता बारा वर्षांची होती. फळे येतील, तेव्हा ती महाविद्यालयात असेल आणि आजोबांनी ऐंशी वर्षे ओलांडलेली असतील. ती काही बोलली नाही. तिच्या मनात काय चालले आहे हे जणू ओळखूनच आजोबा हसले.

"त्या वर्षीचा केक तू करशील," ते म्हणाले. "तोपर्यंत बाळूला फेसण्याचा सराव होऊ दे."

त्या रात्री मंजूने वही उघडली. कृतीच्या शेवटी आत्याने लिहिले होते, 'केक निवल्यावर आयसिंग करावे.' मंजूने त्याखाली आपल्या अक्षरात आणखी एक ओळ लिहिली: 'पावसाळ्यात पाच कलमे. चर आधी काढणे.'

स्वाध्याय

१. एकेका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) काटोलहून आलेल्या पेटीचे घरातील सर्वांना विशेष महत्त्व का होते?
(आ) डिंक्या रोग कोणत्या जमिनीत बळावतो?
(इ) आल्फ्रेड बर्ड यांनी बेकिंग पावडर कोणत्या साली आणि कोणासाठी तयार केली?

२. थोडक्यात उत्तरे लिहा.
(अ) पहिल्या केकमध्ये झालेल्या तीन चुका आणि त्यांची कारणे सांगा.
(आ) 'त्या तिन्ही एकाच घरच्या आहेत,' असे आत्या का म्हणाली?
(इ) बागेला ताण देणे आणि केक निवू देणे यांत कोणते साम्य आहे?
(ई) मंजूने वहीत शेवटी जी ओळ लिहिली, तिच्यावरून तिच्या स्वभावात झालेला कोणता बदल दिसतो?

३. पुढील शब्दांचा व शब्दसमूहांचा वाक्यांत उपयोग करा.
वस्त्रगाळ, दबा धरणे, हात भरून येणे, ताण देणे, मलूल होणे.

४. 'शिजेपर्यंत दम निघतो, पण निवेपर्यंत निघत नाही' या म्हणीचा अर्थ स्पष्ट करून तुमच्या अनुभवातील एक प्रसंग आठ-दहा ओळींत लिहा.

५. तुमच्या घरी होणाऱ्या एखाद्या पदार्थाची कृती वडील माणसांना विचारून लिहून काढा. तिच्यातील प्रत्येक पायरी का करावी लागते, तेही शोधून लिहा.